आकाशगंगेच्या दोन तीरांवर

आपले बरेचसे सण चंद्राच्या तिथीवर ठरतात, हे तुम्हांला ठाऊकच आहे. पण दोन ताऱ्यांच्या भेटीसाठी साजरा होणारा एखादा सण तुम्ही ऐकला आहे काय? जपानात असा सण आहे. त्याचे नाव तानाबाता. वर्षाच्या सातव्या महिन्यातील सातवा दिवस हा त्याचा मूळ दिवस. या सणाला लोक कागदाच्या रंगीत पट्ट्यांवर आपल्या इच्छा लिहितात आणि त्या बांबूच्या फांद्यांना बांधतात.

यामागची कथा मूळची चीनमधली. आकाशाच्या राजाची कन्या ओरिहिमे मागावर सुरेख वस्त्रे विणीत असे. आकाशातील नदीच्या पलीकडच्या तीरावर हिकोबोशी नावाचा गुराखी राही. दोघांचे लग्न झाले आणि ती एकमेकांत इतकी रमली की, माग थांबला, गुरे मोकाट सुटली. राजा रागावला. त्याने दोघांना नदीच्या दोन तीरांवर दूर ठेवले आणि वर्षातून एकाच रात्री भेटण्याची मुभा दिली. त्या रात्री मॅगपाय पक्षी पंखाला पंख लावून नदीवर पूल बांधतात. मात्र पाऊस आला तर नदीला पूर येतो आणि भेट हुकते!

ही दोघे आपल्याही ओळखीची आहेत. ओरिहिमे म्हणजे आपला अभिजित तारा (व्हेगा) आणि हिकोबोशी म्हणजे श्रवण (आल्टेअर). पौर्णिमेचा चंद्र श्रवण नक्षत्राच्या आसपास असतो, म्हणून त्या महिन्याला आपण श्रावण म्हणतो. दोन ताऱ्यांमधून वाहणारी नदी म्हणजे आकाशगंगा. जपानी भाषेतही तिचे नाव ‘आकाशातील नदी’ असेच आहे.

तारीख बदलली, आकाश राहून गेले

पूर्वी जपानात आपल्यासारखीच चांद्रमासांची कालगणना होती. अमावास्येपासून नवा महिना मोजायचा आणि ऋतूंशी मेळ राहावा म्हणून अधूनमधून अधिक महिना धरायचा, अशी ती पद्धत. १ जानेवारी १८७३ पासून जपानने ग्रेगोरियन कॅलेंडर स्वीकारले. मग सातवा महिना म्हणजे जुलै, असे ठरून बऱ्याच ठिकाणी हा सण ७ जुलैला होऊ लागला. आकडे तेच राहिले, पण आकाश बदलले!

ते कसे? एक तर जुलैच्या आरंभी जपानच्या बऱ्याच भागात पावसाळी हवा असते. ढगांआड तारे दिसणार कसे? दुसरी गोष्ट चंद्राची. जुन्या गणनेत त्या रात्री नेहमीच शुद्ध सप्तमीच्या सुमाराचा अर्धा चंद्र असे. तो मध्यरात्रीपर्यंत मावळला की अंधारात आकाशगंगा उजळून दिसे. ७ जुलैला मात्र चंद्र कोणत्याही कलेचा असू शकतो. २००९ साली त्या दिवशी चक्क पौर्णिमा होती. पौर्णिमेच्या चांदण्यात आकाशगंगेचा फिकट पट्टा बुडून जातो.

सेंदाई शहरात हा सण ६ ते ८ ऑगस्टला होतो. त्यामुळे पावसाची अडचण बरीचशी टळते, पण चंद्राची टळत नाही. म्हणून जपानची राष्ट्रीय खगोलीय वेधशाळा २००१ पासून जुन्या पद्धतीची तारीख गणित करून जाहीर करू लागली. २०२४ साली ती १० ऑगस्ट, तर २०२५ साली २९ ऑगस्ट होती. २०२६ साठी ती १९ ऑगस्ट येते. बहुतेक वर्षी हा दिवस आपल्या श्रावण शुद्ध सप्तमीच्या आसपास असतो. त्या रात्री अनावश्यक दिवे मालवण्याचे आवाहनही वेधशाळेने केले. कारण चंद्र मावळला तरी शहराचे दिवे मावळत नाहीत. अभिजित आणि श्रवण त्या झगमगाटातही दिसतात, नदी मात्र हरवते. आणि नदीच दिसली नाही, तर त्या दोघांची ताटातूट कोणाला कळणार?

भेट खरेच होईल का?

आता पट्टी, पेन्सिल आणि कोनमापक घ्या. एका बिंदूला ‘सूर्य’ म्हणा. तेथून ३४ अंशांचा कोन करणाऱ्या दोन रेषा काढा. एक २५ सेंटिमीटर, दुसरी १७ सेंटिमीटर. पहिलीच्या टोकाला अभिजित, दुसरीच्या टोकाला श्रवण. येथे १ सेंटिमीटर म्हणजे १ प्रकाशवर्ष, म्हणजेच सुमारे साडेनऊ लाख कोटी किलोमीटर. आता दोन टोकांमधील अंतर मोजा. सुमारे साडेचौदा सेंटिमीटर भरेल!

म्हणजे ओरिहिमेने आज प्रकाशाच्या वेगाने हाक मारली, तर ती हिकोबोशीला साडेचौदा वर्षांनी ऐकू येईल आणि त्याची ‘ओ’ परत यायला तितकीच वर्षे लागतील. वर्षातून एकदा भेटणे तर दूरच! श्रवणाचा जो प्रकाश आज तुमच्या डोळ्यांत शिरतो, तो तेथून सुमारे १७ वर्षांपूर्वी निघाला. तुमच्यापैकी बहुतेकांचा तेव्हा जन्मही झाला नव्हता.

करून पाहा

आपल्याकडे श्रावणात ढग असतात, म्हणून ऑक्टोबरच्या मध्यापर्यंत थांबा. संध्याकाळी साडेसातला जवळजवळ डोक्यावर, किंचित दक्षिणेकडे दिसणारा ठळक तारा श्रवण. वायव्येला बराच उंच, त्याहून तेजस्वी आणि निळसर पांढरा तो अभिजित. हात लांब करून ताणलेली वीत सुमारे २० अंशांची असते. दोघांमधले अंतर पावणेदोन विती भरते का, पाहा. उत्तरेला उंचावर हंस तारकासमूह आहे. कथेतील पक्ष्यांचा पूल आकाशात नसला, तरी नदीच्या पात्रावरून उडणारा हा एक पक्षी तेथे जरूर आहे.

हे निरीक्षण अमावास्येच्या सुमारास एकदा आणि पौर्णिमेच्या सुमारास एकदा करा. जमल्यास एकदा शहरातून व एकदा गावाबाहेरून करा. आकाशगंगा केव्हा आणि कोठून दिसली, याची वहीत नोंद ठेवा आणि वर्गातील सर्वांच्या नोंदी शिक्षकांच्या मदतीने ताडून पाहा. तुमच्या गावात अजून किती नदी शिल्लक आहे, ते त्यावरून कळेल.