‘चारात एक’ म्हणजे नेमके किती?

‘चारात एक म्हणालात ना डॉक्टर? एक झालं आता. पुढची तिघं चांगलीच निघतील.’ सिकलसेलच्या समुपदेशनाच्या टेबलावर हे वाक्य या ना त्या शब्दांत नेहमी ऐकू येते. बोलणारा अडाणी असतो असे मुळीच नाही. शिक्षक, बँकेतले कर्मचारीही हेच बोलतात. पहिले मूल आजारी असते, हाडे दुखून रात्र रात्र रडते, अधूनमधून रक्त चढवावे लागते. आणि दुसऱ्या मुलाचा निर्णय अशा समजावर घेतला जातो. इथे औषधाच्या आधी थोडे गणित समजावून सांगावे लागते. त्यासाठी लुडोचे दोन फासे पुरतात.

सिकलसेल हा रक्तातील हिमोग्लोबिनचा आनुवंशिक आजार. आपल्याकडे पूर्व विदर्भात आणि नंदुरबारच्या सातपुडा पट्ट्यात तो विशेष आढळतो. हिमोग्लोबिनच्या या जनुकाच्या दोन प्रती प्रत्येकाकडे असतात, एक आईकडून आलेली, एक वडिलांकडून. दोन्ही सदोष असतील तर माणूस रुग्ण. एकच सदोष असेल तर तो वाहक. त्याला सहसा काहीच त्रास नसतो, त्यामुळे रक्त तपासल्याशिवाय कळतही नाही.

आता एक फासा आईचा माना, दुसरा वडिलांचा. दोघेही वाहक आहेत. फाशावर सम आकडा पडला तर सदोष प्रत बाळाकडे गेली, विषम पडला तर चांगली. दोन फाशांच्या मिळून ३६ जोड्या होतात. त्यांतल्या ९ जोड्यांत दोन्ही आकडे सम, म्हणजे मूल रुग्ण. ९ जोड्यांत दोन्ही विषम, म्हणजे मूल पूर्ण निरोगी. उरलेल्या १८ जोड्यांत एक सम, एक विषम, म्हणजे मूल वाहक. चारात एक आला तो असा.

‘आईचा सम आणि वडिलांचाही सम’ यातल्या ‘आणि’ने शक्यता आक्रसते. निम्म्याचे निम्मे, म्हणजे पाव. ‘किंवा’ मात्र फसवतो. आईकडून किंवा वडिलांकडून किमान एक सदोष प्रत येण्याची शक्यता किती? निम्मे अधिक निम्मे म्हणजे शंभर टक्के, असे उत्तर पटकन येते. पण दोन्ही विषम असलेल्या ९ जोड्या तर समोर दिसताहेत. गफलत अशी, की दोन्ही सम असलेल्या जोड्या बेरजेत दोनदा मोजल्या गेल्या. त्या एकदा वजा करा. ३६पैकी २७ उरतात, म्हणजे ७५ टक्के.

या मांडणीचा आणखी एक उपयोग होतो. मूल आजारी निघाले की ‘सुनेच्या माहेरून आलं’ म्हणून तिला बोल लावणारी घरे मी पुष्कळ पाहिली आहेत. दोन्ही फासे सम पडल्याशिवाय मूल रुग्ण होत नाही, आणि दुसरा फासा त्यांच्याच मुलाचा असतो. सासूबाईंना फासे हातात देऊन हे दाखवले की बोलणे निदान तिथल्या तिथे थांबते.

वाहक नसलेल्या माणसाच्या फाशावर सहाही आकडे विषम. म्हणून वाहक आणि निरोगी अशा जोडप्याला वाहक मूल होऊ शकते, सिकलसेलचा रुग्ण नाही. रुग्णाच्या फाशावर सहाही सम; त्याचे लग्न वाहकाशी झाले तर प्रत्येक मुलाला निम्मा धोका.

आता त्या ‘पुढच्या तिघां’कडे येऊ. लुडो खेळताना बराच वेळ सहा पडला नाही की आपण म्हणतो, आता पडायलाच हवा. फाशाला मागचे डाव आठवत नाहीत. प्रत्येक गर्भधारणेत दोन्ही फासे नव्याने टाकले जातात आणि शक्यता पुन्हा चारात एकच राहते, पहिले मूल रुग्ण असो वा नसो. (एकसारखी जुळी हा अपवाद, तिथे दोघांसाठी फासे एकदाच पडलेले असतात.) दोन मुले होणार असतील तर मुळात शक्यता अशी : दोन्ही मुले आजारापासून मुक्त, १६पैकी ९, नेमके एक रुग्ण, १६पैकी ६, दोन्ही रुग्ण, १६पैकी १. म्हणजे किमान एक रुग्ण होण्याची शक्यता १६पैकी ७, जवळजवळ ४४ टक्के. पाव अधिक पाव करून येणारे ५० टक्के नव्हे.

चार मुले झाली तर एक नक्की आजारी, हेही खरे नाही. ‘किमान एक’ मोजायचा सोपा मार्ग म्हणजे आधी ‘एकही नाही’ मोजणे. पाऊण गुणिले पाऊण असे चारदा केले की सुमारे ३२ टक्के येतात. अशा जोडप्यांपैकी जवळपास एक तृतीयांश जणांना चार मुलांत एकही रुग्ण मूल होणार नाही. गावात असे एक कुटुंब असले की ‘त्यांना नाही झालं काही’ म्हणून बाकीचे तपासणी टाळतात, हा त्यातला खरा धोका. फाशांच्या अशाच कोड्यांवरून १६५४ साली पास्कल आणि फर्मा या दोन फ्रेंच गणितज्ञांचा पत्रव्यवहार झाला आणि संभाव्यतेचे शास्त्र उभे राहिले. एक फासा चारदा टाकला तर किमान एकदा सहा पडण्याची शक्यता किती? बेरीज करणारा ६७ टक्के म्हणेल. खरे उत्तर ५२ टक्क्यांच्या आत आहे.

रुग्णाची निरोगी दिसणारी बहीण लग्नाची असते तेव्हा प्रश्न वेगळा होतो. आईवडील दोघेही वाहक. ती वाहक असण्याची शक्यता किती? निम्मी, असे डॉक्टरही कधी कधी सांगतात. पण ती रुग्ण नाही हे आपल्याला माहीत आहे. म्हणजे ३६पैकी ९ जोड्या आधीच बाद. उरल्या २७, त्यांत वाहकाच्या १८. उत्तर दोन तृतीयांश. तिचा होणारा नवरा वाहक असेल तर त्यांच्या पहिल्या बाळाला आजार असण्याची शक्यता दोन तृतीयांश गुणिले पाव, म्हणजे सहात एक.

हा सहात एक रक्त तपासेपर्यंतचाच. ती वाहक नाही असे कळले तर धोका शून्य, वाहक निघाली तर चारात एक. दोघेही वाहक असतील तर लग्न मोडायलाच हवे असे नाही. गर्भ साधारण १० ते १३ आठवड्यांचा असताना वारेचा छोटा नमुना घेऊन बाळाची तपासणी करता येते. मात्र त्यासाठी दिवस राहिल्याबरोबर दवाखान्यात यावे लागते, चौथ्या-पाचव्या महिन्यात नव्हे.

राष्ट्रीय सिकलसेल निर्मूलन अभियान १ जुलै २०२३ रोजी मध्य प्रदेशातील शहडोल येथे सुरू झाले. चाळिशीपर्यंतच्या ७ कोटी लोकांची तपासणी हे त्याचे उद्दिष्ट आहे. पहिली सोल्युबिलिटी चाचणी स्वस्त आहे आणि लगेच होते, पण ती वाहक आणि रुग्ण यांत फरक करत नाही आणि थॅलेसेमियाचा वाहक तिच्यात सापडत नाही. एक जोडीदार सिकलसेलचा आणि दुसरा बीटा थॅलेसेमियाचा वाहक असला, तरी आजारी मूल होण्याची शक्यता चारात एकच असते. रिपोर्टवर नुसते ‘सोल्युबिलिटी निगेटिव्ह’ एवढेच असेल तर एचपीएलसी झाली का, हे दोघांनीही विचारून घ्यावे.