मनाई हुकूम वरच्या कोर्टात उडतो का?

समजा, लकडगंजातील एका वखारीचे मालक वारले. गल्ल्यावर थोरला मुलगा बसतो. धाकटा भाऊ आणि बहीण वाटणीचा दावा लावतात, आणि कोर्ट निकालापर्यंत वखार विकण्यास, गहाण टाकण्यास मनाई करते. थोरला म्हणतो, "हायकोर्टात हुकूम उडवू!" इतके सोपे नाही, भाईसाहेब.

दिवाणी न्यायाधीशाच्या अशा हुकमावर सर्वसाधारणपणे जिल्हा न्यायालयात अपील होते. मुदत ३० दिवस. त्यावर दुसरे अपील नाही. २००२ पासून रिव्हिजनची वाटही जवळजवळ बंद आहे. उरतो घटनेच्या अनुच्छेद २२७ खालचा अर्ज, नागपूर खंडपीठापुढे.

शिवाय अपिलात वखार कोणाची हे ठरत नाही. खालच्या कोर्टाने मनमानी केली का, ठरलेले निकष डावलले का, एवढेच पाहतात. सुप्रीम कोर्टाने १९९० साली वाँडर विरुद्ध अँटॉक्स खटल्यात हेच सांगितले. म्हणून आखीव पत्रिका, कराच्या पावत्या, जुने हिशेब पहिल्याच कोर्टात दाखल करा.

बहिणीचे नाव आखीव पत्रिकेवर नसले तरी शरियतप्रमाणे तिचा हिस्सा वडिलांच्या मृत्यूबरोबरच तिचा झालेला असतो. मात्र तिनेही गाफील राहू नये. वर्षानुवर्षे गप्प बसून दुसऱ्याला व्यवहार करू देणाऱ्याला सहसा मनाई हुकूम मिळत नाही, असे सुप्रीम कोर्टाने मंडाली रंगण्णा खटल्यात २००८ साली म्हटले आहे.

नुसते अपील दाखल केल्याने हुकूम थांबत नाही. स्थगिती वेगळी मागावी लागते. ती मिळण्याआधी वखार विकली तर मालमत्तेवर जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते.