खर्जाचा मोह

पंडरीच्या कापडबाजारात ज्याने एकदा तरी खरेदी केली असेल त्याला ठाऊक आहे की, तेथले जुने गिऱ्हाईक ताग्यावर चिकटविलेला कागद वाचीत बसत नाही. ते कापड चिमटीत धरते, उजेडाकडे करून पाहते, कोपरा मुठीत चुरगाळून सोडते आणि मगच भाव विचारते. रायपूरच्या या भागात बरीच वर्षे काढल्यामुळे ही रीत माझ्याही अंगवळणी पडली आहे. म्हणूनच गेल्या दिवाळीपूर्वी भाच्याबरोबर बिनतारी हेडफोन घ्यावयास गेलो तेव्हा मला मोठे नवल वाटले. कापडाच्या बाबतीत इतका चोखंदळ असलेला हाच माणूस शेजारच्या दुकानात शिरला की खोक्यावरच्या अक्षरांना शरण जातो! 'एक्स्ट्रा बेस', 'डीप बेस', '40 मिलिमीटर', '20 ते 20,000 हर्ट्झ' असे मंत्र तेथे लिहिलेले असतात. दुकानदार म्हणतो, 'बेस सुनिए, भैया, बेस!' आणि दोन मिनिटांत सौदा होतो.

भाच्याच्या गरजा दोन होत्या. त्याला गाणी ऐकावयाची होती, आणि रात्री मित्रांबरोबर मोबाइलवर व संगणकावर खेळ खेळावयाचे होते. दोन्हींसाठी बेस भरपूर हवा, ही त्याची अट. पैसे त्याच्या पहिल्या पगारातले होते, त्यामुळे ते वाया जाऊ नयेत, ही माझी अट.

बेस म्हणजे आपल्या संगीताच्या भाषेत खर्ज. मनुष्याचा कान साधारणतः सेकंदाला 20 ते 20,000 कंपनांपर्यंतचा नाद ऐकू शकतो, आणि त्यांतील 250 च्या खालचा प्रदेश ढोबळ मानाने खर्जाचा म्हणावा. पुरुष गायकासाठी काळी एकमध्ये लावलेल्या तानपुऱ्याची खर्जाची तार सुमारे 69 कंपनांवर बोलते. आता गंमत अशी की, मोबाइलच्या इवल्याशा भोंग्यातून इतका खालचा मूळ नाद जवळजवळ बाहेर पडतच नाही. तरीही आपल्याला तो तानपुराच ऐकू येतो. त्या नादाच्या वरचे उपस्वर कानावर पडले की गैरहजर असलेला मूळ स्वर आपला मेंदू स्वतःच भरून काढतो. चांगला हेडफोन लावल्यावर प्रथम जे सुख वाटते ते या उधारीच्या खर्जाऐवजी खरा खर्ज मिळाल्याचे सुख असते. त्या सुखाला मी नावे ठेवणार नाही.

शिवाय आमच्या या मुलखात खर्जाची ओढ जन्मजात म्हणावी अशी आहे. रायपुरास गणपतीच्या झांक्यांपुढे धुमाल वाजते. ताशे, ढोल आणि ध्वनिवर्धक यांचा तो मेळ कानाच्या आधी छातीत ऐकू येतो. तरुण मुलगा हेडफोनमध्ये शोधतो ती तीच छातीतली धडक. परंतु हेडफोन छातीवर बसत नाही, कानावर बसतो. अंगावर आदळणाऱ्या हवेचा धक्का त्याच्याजवळ नाही. तो धक्का मिळावा म्हणून मुले आवाज वाढवीत जातात, धक्का मिळत नाही, आणि वाढलेला सगळा आवाज एकट्या कानाला सोसावा लागतो. या खरेदीत धोका असेल तर तो येथे आहे. पण त्याकडे मी नंतर येतो.

पन्नास कंपनांच्या नादाची एक लहर सुमारे सात मीटर लांबीची असते. खोलीभर असा नाद भरावयाचा तर पुष्कळ हवा ढकलावी लागते, म्हणून मिरवणुकीतले भोंगे कपाटाएवढे असतात. हेडफोनला खोली भरावयाची नसते. कान आणि गादी यांच्यामध्ये कोंडलेली ओंजळभर हवा त्याने दाबली आणि सोडली की पुरे. मात्र ती हवा खरोखर कोंडलेली असली पाहिजे. गादीला कोठे फट राहिली की त्या फटीतून प्रथम निसटतो तो खर्जच. वरचे स्वर बहुतांशी जागेवर राहतात. मग गाणे पत्र्याच्या डब्यातून आल्यासारखे वाटू लागते.

दुकानात नेमके हेच घडले. भाच्याने चार हेडफोन लावून पाहिले आणि चारही वेळा तोंड वाकडे केले. बेस नाही म्हणाला. दुकानदाराने लगबगीने पाचवा काढला, दुप्पट किमतीचा. मला सहज सुचले, म्हणून मी त्याला चष्मा काढावयास सांगितले. चष्म्याच्या काड्या कानाजवळ गादी उचलून धरीत होत्या आणि फट पाडीत होत्या! चष्मा निघाला, गादी नीट टेकली, आणि पहिल्याच हेडफोनमध्ये डग्गा घुमू लागला. दुकानदाराचा चेहरा थोडा उतरला. चष्मा वापरणाऱ्याने जाड, मऊ आणि दाबाखाली सहज आकार बदलणारी गादी पाहावी. कानात घालावयाच्या लहान बोंडांनाही हाच नियम आहे. खोक्यात त्यांच्याबरोबर रबराच्या टोप्यांच्या दोनतीन जोड्या येतात. त्या बदलून पाहण्याची तसदी न घेता कित्येकजण यंत्रालाच दोष देतात.

गादीच्या आवरणाचाही विचार करावा लागतो. रेक्झिनसारखे गुळगुळीत आवरण हवा चांगली कोंडते, पण वैशाख-ज्येष्ठात आमच्याकडे पारा 44 अंशांच्या वर जातो तेव्हा अर्ध्या तासात कान घामाने चिंब होतात. कापडी आवरण सुखाचे, पण ते श्वास घेते, म्हणजेच थोडा खर्ज सांडते. पंडरीत राहणाऱ्याने तरी कापडाची बाजू घ्यावी असे मला वाटत होते. भाच्याने रेक्झिन घेतले.

खोक्यावरच्या आकड्यांविषयी थोडक्यात सांगतो. चाळीस मिलिमीटर हा आतल्या कंप पावणाऱ्या पडद्याचा व्यास. पडदा मोठा असणे सोयीचे, पण तेवढ्याने नाद चांगला होत नाही, जसे पातेले मोठे असल्याने आमटी चांगली होत नाही. आणि '20 ते 20,000' हा आकडा तर बहुतेक प्रत्येक खोक्यावर असतो. तो आकडा खरा धरला तरी 20 कंपनांचा नाद 1,000 च्या मानाने किती क्षीण येतो हे सांगितल्यावाचून त्याला अर्थ नाही, आणि नेमके तेच तेथे छापलेले नसते. त्यापेक्षा पाहण्याजोगी खूण म्हणजे भारतीय मानक ब्यूरोची नोंदणी. बिनतारी हेडफोनांना ती सक्तीची आहे, आणि तिचा क्रमांक 'आर' या इंग्रजी अक्षराने सुरू होतो. ती नादाच्या गोडीची हमी देत नाही. पण कानाजवळ लिथियमची बॅटरी बाळगावयाची तर सुरक्षिततेची एवढी तरी चौकशी करावी.

कापड चुरगाळून पाहावे तसे हेडफोनचे काय करावे? माझा उपाय तबल्याचा आहे. चंद्रशेखर वेंकट रामन यांनी 1920 मध्ये आणि पुन्हा सविस्तरपणे 1934 मध्ये दाखवून दिले की, मृदंग-तबल्याच्या पुडीवरील शाईमुळे त्या वाद्याचे उपस्वर एकमेकांशी सुसंवादी होतात. नुसत्या ताणलेल्या कातड्याला हे साधत नाही. आपल्या तालवाद्यांचे सौंदर्य अशा रीतीने वरच्या स्वरांत दडलेले आहे. म्हणून आपल्या परिचयाचे, तबल्याची साथ असलेले एखादे गाणे लावावे. डग्ग्याचा घुमारा हवाच; पण तो चालू असताना चाटीवरचा 'ना' स्वच्छ ऐकू येतो का? गायकाचे शब्द, विशेषतः स आणि श, कळतात का? डग्ग्याची मींड खालून वर सरकताना ऐकू येते, की नुसता 'भुम्' असा एकसुरी गोळा पडतो?

कानाचा स्वभाव असा आहे की, मोठा खालचा नाद आपल्यापेक्षा वरच्या नादांना झाकून टाकतो. वरचा नाद खालच्याला तितकेसे झाकू शकत नाही. म्हणून खर्ज बेसुमार वाढविलेल्या यंत्रात प्रथम गायकाचा गळा बुडतो. समतोल यंत्र घेऊन मोबाइलमधील स्वरनियंत्रकाने खर्ज थोडा चढविता येतो. उलट, मुळातच फुगविलेल्या आणि फाटक्या खर्जाची दुरुस्ती पुढे होत नाही.

खेळांच्या बाबतीत भाच्याची समजूत अगदीच उलटी होती. बाँब फुटला की कानठळ्या बसल्या पाहिजेत, म्हणून बेस, असा त्याचा हिशेब. पण या खेळांत जीव वाचतो तो शत्रूची चाहूल लागल्याने, आणि ती चाहूल बाँबच्या गडगडाटाखाली झाकली जाते. दिशेचे म्हणाल तर, आवाज उजवीकडून आला की डावीकडून हे कान दोन गोष्टींवरून ओळखतो. नाद एका कानाला दुसऱ्यापेक्षा किंचित आधी पोहोचतो, आणि डोक्याच्या आडोशामुळे दूरच्या कानाला तो थोडा क्षीण मिळतो. लॉर्ड रॅले यांनी 1907 मध्ये ही उपपत्ती मांडली. दोन कानांच्या वेळेतला फरक फार तर सेकंदाच्या दीड हजाराव्या भागाएवढा असतो. अगदी खालच्या नादांना डोक्याचा आडोसा जाणवतच नाही. सात मीटर लांबीची लहर वीतभर डोक्याला सहज वळसा घालते. तेव्हा दिशा ओळखावयाची तर मधले आणि वरचे स्वर स्वच्छ हवेत.

आता बिनतारीपणाची किंमत पाहू. जगदीशचंद्र बोस यांनी 1895 मध्ये कलकत्त्यास बिनतारी लहरींनी दूरची घंटा वाजवून दाखविली तेव्हा त्यांच्या लहरी काही मिलिमीटर लांबीच्या होत्या. ब्लूटूथच्या लहरी सुमारे बारा सेंटिमीटरच्या. पण गाणे या लहरींवर जसेच्या तसे स्वार होत नाही. मोबाइल ते लहान लहान तुकड्यांत आवळून बांधतो, पाठवितो, आणि हेडफोन काही तुकडे गाठीला साठवून मग सोडवितो. या बांधाबांधीला सामान्यतः सेकंदाच्या दहाव्या भागापासून चौथ्या भागापर्यंत वेळ लागतो. हा विलंब क्षुल्लक वाटेल. पण सेकंदाचा पाचवा भाग म्हणजे आवाजाने हवेतून सुमारे 70 मीटर चालण्याचा वेळ. खेळातला शत्रू शेजारच्या दारात उभा असतो, आणि त्याच्या पावलांचा आवाज मात्र जणू गल्लीच्या टोकावरून येतो.

चित्रपट पाहताना हा दोष जाणवत नाही, कारण यंत्र चित्रही तेवढेच थांबवून दाखविते. खेळात पुढल्या क्षणी काय घडणार हे आपल्या बोटावर अवलंबून असल्याने चित्र थांबविण्याची सोय नाही. म्हणून खेळासाठी एकतर विलंब कमी करण्याची सोय हेडफोन व मोबाइल या दोहोंतही असावी, किंवा संगणकाला खोचण्याचा स्वतंत्र लहान ग्राहक हेडफोनबरोबर मिळावा, आणि निदान तार जोडण्याचे भोक तरी असावे. हे शेवटचे मला फार मोलाचे वाटते. तारेला विलंब नाही.

आणखी एक गोष्ट दुकानात कोणी सांगत नाही. खेळता खेळता मित्रांशी बोलण्यासाठी हेडफोनचा मायक्रोफोन चालू केला की, नेहमीच्या ब्लूटूथला दोन्ही दिशांची वाहतूक पेलत नाही आणि ते टेलिफोनच्या धाटणीवर येते. डावा-उजवा भेद जातो, 8,000 कंपनांच्या वरचे सारे गळते, आणि घेतलेला तो भारी बेस एका क्षणात मातीमोल होतो. 2020 पासून आलेल्या नव्या पद्धतीत यावर उपाय आहे, पण ती पद्धत दोन्ही बाजूंच्या यंत्रांत असावी लागते.

आता धोक्याकडे वळतो. फ्लेचर व मन्सन यांनी 1933 मध्ये मोजून दाखविले की, आवाज हळू असता आपल्या कानाला खर्ज फारच कमी ऐकू येतो. त्यामुळे बसमध्ये किंवा कूलरच्या घरघरीत बसलेला मुलगा खर्ज शोधीत आवाज चढवितो. या न्यायाने पाहता थोडा अधिक खर्ज देणारा आणि बाहेरचा गोंगाट अडविणारा हेडफोन उपकारकच ठरावा, कारण त्यात हळू आवाजातही भरीवपणा मिळतो. गोंगाट छेदणारी जी विद्युत्-योजना हल्ली मिळते ती कूलर किंवा इंजिन यांच्या सततच्या खालच्या घरघरीवर चांगली चालते. माणसांच्या बोलण्यावर तितकीशी नाही. पण मुलाने भरीवपणा मिळाल्यावर थांबावे लागते, आणि तेथेच सारे अडते.

जागतिक आरोग्य संघटनेने प्रौढांसाठी आठवड्याला 80 डेसिबेलवर 40 तास ही मर्यादा घालून दिली आहे. दर तीन डेसिबेलला वेळ निम्मा होतो: 83 ला 20 तास, 86 ला 10, 89 ला अवघे पाच. रोज रात्री तीन तास खेळणाऱ्याने हा हिशेब करून पाहावा. कानाच्या शंखात सुमारे पंधरा हजार केशपेशी असतात, आणि मनुष्यात त्या गेल्या की पुन्हा उगवत नाहीत. नुकसान प्रथम दिसते ते बहुधा 4,000 कंपनांच्या आसपास. म्हणजे भाषेतली नाजूक व्यंजने हरवू लागतात. माझ्या उजव्या कानात गेली बारा वर्षे एक बारीक शीळ वाजत आहे. एका विसर्जनाच्या रात्री भोंग्याच्या अगदी शेजारी उभा राहिलो होतो. सकाळपर्यंत थांबेल असे वाटले होते.

हे मी भाच्याला दुकानात सांगितले नाही, घरी परतताना सांगितले. त्याने घेतला होता तो पहिलाच हेडफोन, जो चष्म्यासह नापसंत आणि चष्म्यावाचून पसंत ठरला होता. त्याला तारेचे भोक आहे. आवाजाची कमाल मर्यादा त्याने मोबाइलमध्ये साठ टक्क्यांवर बांधली, आणि काड्या अतिशय पातळ असलेला नवा चष्मा करावयास टाकला. त्या रात्री अकराच्या सुमारास तो खोलीतून बाहेर आला. म्हणाला, ''मामा, जिन्यावरून कोणी येत असलं की आता आधीच कळतं.'' मग हेडफोन माझ्या डोक्यावर ठेवून त्याने एक तानपुरा लावला आणि माझा चष्मा स्वतःच काढून घेतला. डाव्या कानात खर्जाची तार चांगली भरून वाजत होती. उजव्या कानात तीही होती आणि शीळही.