रस्ता येतो तेव्हा सातबारावर नाव कोणाचं?



धायरी, नऱ्हे, नांदेड, किरकटवाडी या पट्ट्यात राहणाऱ्या बायांना एक गोष्ट वेगळी सांगायला नको. जमीन तीच, माती तीच. पण शेजारून मोठा रस्ता गेला की तिचा भाव बदलतो. काल एकराचा हिशेब करणारी माणसं आज गुंठ्याचा हिशेब करतात. रस्त्यामुळे वाढलेला हा पैसा नेमका कोणाच्या पदरात पडतो, ते आज पाहू. त्यासाठी आधी जरा अमेरिकेत जाऊन येऊ. दीडशे वर्षांपूर्वी हाच व्यवहार तिथे फार मोठ्या प्रमाणावर झाला होता. फक्त रस्त्याच्या जागी रेल्वे होती.

१८६२ साली तिथल्या सरकारने दोन कायदे केले. पहिल्या कायद्याने, जो पाच वर्षं जमिनीवर राहील आणि ती कसेल, त्याला किरकोळ फी घेऊन १६० एकर जमीन मिळू लागली. दुसरा कायदा रेल्वे कंपन्यांसाठी होता. रूळ टाकायला लागणारा पैसा उभा राहावा म्हणून सरकारने कंपन्यांना जमीनच दिली. रुळाच्या दोन्ही बाजूंना मैल-मैलाचे चौकोन आखले, बुद्धिबळाच्या पटासारखे. एक चौकोन कंपनीचा, शेजारचा सरकारचा. एका चौकोनात ६४० एकर. पुढच्या काही वर्षांत रेल्वे कंपन्यांना अशी सुमारे १३ कोटी एकर जमीन मिळाली. आपला अख्खा महाराष्ट्र साधारण साडेसात कोटी एकरांचा आहे, त्यावरून अंदाज करा.

कंपन्यांनी मग जमीन विकायची कचेरी उघडली. जर्मनी, स्वीडन, नॉर्वेपर्यंत दलाल पाठवले, छापील पत्रकं वाटली, हप्त्याने जमिनी दिल्या. स्टेशन कुठे होणार हे कंपनीला आधी माहीत असायचं, त्यामुळे गावठाणाचे प्लॉटही तीच पाडायची. शेतकरी येऊन वसला की त्याचं धान्य बाजारात नेणारी गाडीही तिचीच, आणि भाडं ठरवणारीही तीच. भाड्याने पिळून निघालेल्या शेतकऱ्यांनी १८६७ पासून ‘ग्रेंज’ नावाच्या संघटना बांधल्या. त्यात बाया पुरुषांच्या बरोबरीने सभासद होत्या. या संघटनांच्या जोरावर काही राज्यांत रेल्वेच्या भाड्याला लगाम घालणारे कायदे झाले.

पण ही जमीन आधी रिकामी होती का? नाही. तिथे मूळ रहिवाशांच्या जमाती पिढ्यान्पिढ्या राहत होत्या. कागदावर कोणा एकाचं नाव नव्हतं, जमीन साऱ्या जमातीची होती. १८८७ साली कायदा करून ही सामाईक जमीन माणशी तुकड्यांत वाटली आणि उरलेली ‘जादा’ ठरवून बाहेरच्यांना खुली केली. वाट्याला आलेले तुकडेही कर्जापायी, करापायी, फसवणुकीने हातचे गेले. त्यांच्याकडे १८८७ मध्ये सुमारे १३ कोटी ८० लाख एकर जमीन होती. १९३४ पर्यंत ४ कोटी ८० लाख एकर उरली.

आणि बाया? १६० एकरांचा अर्ज बिनलग्नाची किंवा विधवा बाई स्वतःच्या नावाने करू शकत होती, आणि अनेकींनी केला. नवरा असलेल्या बाईला मात्र सहसा तो हक्क नव्हता. राबायची दोघं, कागद एकाचा.

आता परत सिंहगड रस्त्यावर येऊ. आपल्याकडे बहुतेकांनी काय केलं? एकेकट्याने गुंठा-गुंठा विकला. पैसा आला, बंगला झाला, गाडी आली, लग्नं थाटात झाली. लोकांनी ‘गुंठामंत्री’ असं नावही ठेवलं. पुढे पैसा संपला आणि जमीनही गेली. पण दुसरी वाटही पुण्यातच निघाली. हडपसरला मगरपट्ट्यातल्या सुमारे १२० शेतकरी कुटुंबांनी आपली ४०० एकरांवर जमीन एकत्र केली आणि स्वतःचीच कंपनी काढली. ज्याची जितकी जमीन, तितका त्याचा कंपनीत हिस्सा. पुढे तोच कित्ता धायरीशेजारी नांदेड गावच्या शेतकऱ्यांनी गिरवला आणि सुमारे ७०० एकरांवर नांदेड सिटी उभी राहिली. अमेरिकेत वाढलेला भाव रेल्वे कंपनीने खाल्ला. इथे जमीनवालेच कंपनीचे भागीदार झाले.

मात्र मैत्रिणींनो, इथेही प्रश्न तोच येतो. हिस्सा जमिनीवरून ठरतो आणि जमीन कोणाची ते सातबारा सांगतो. रस्त्यासाठी भूसंपादन झालं तरी मोबदल्याची यादी त्याच कागदावरून सुरू होते. ज्या बाईचं नाव तिथे नाही, तिला जमीन जाताना कोणी विचारत नाही आणि पैसा येतानाही विचारत नाही.

कायदा आज आपल्या बाजूचा आहे. हिंदू वारसा कायद्यात महाराष्ट्राने १९९४ साली आणि देशाने २००५ साली बदल केला. वडिलोपार्जित मालमत्तेत मुलीचा हिस्सा मुलाइतकाच. २००५ च्या आधी वडील वारले असले तरी तिचा हा हक्क जात नाही, कारण तो जन्मानेच मिळतो, असं सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये सांगितलं. फक्त २० डिसेंबर २००४ पूर्वी रीतसर झालेलं वाटप किंवा विक्री मोडता येत नाही. नवरा वारला तर बायको मुलांच्या बरोबरीची वारस असते. नवरा हयात असतानाही स्वखुशीने जमीन बायकोच्या नावावर करता येते. १९९० च्या आसपास शरद जोशींच्या शेतकरी संघटनेने ‘लक्ष्मीमुक्ती’ची मोहीम चालवली, तेव्हा गावोगावच्या शेतकऱ्यांनी हे करून दाखवलं.

मग करायचं काय? पहिलं, आपल्या माहेरचा आणि सासरचा, दोन्ही सातबारे काढून गटात मोठ्याने वाचा. महाभूमीच्या संकेतस्थळावर ते घरबसल्या मिळतात. दुसरं, घरात कोणी वारलं असेल तर वारस नोंद झाली का आणि तिच्यात लेकींची नावं आली का, ते तलाठ्याकडे विचारा. तिसरं, फेरफाराची नोटीस आली तर ती बाजूला ठेवू नका. हरकत घ्यायला साधारण १५ दिवसच मिळतात. चौथं, हक्कसोड पत्रावर सही करण्याआधी ते कोणाकडून तरी वाचून घ्या. नोंदणी झालेलं हक्कसोड पत्र मागे घेणं फार अवघड असतं.

भावाला हक्क सोडू नका असं मी म्हणत नाही. माहेरची वाट मोकळी राहावी असं प्रत्येकीला वाटतं. सोडायचा असेल तर आनंदाने सोडा; पण आपण किती गुंठे सोडतोय आणि शेजारून कोणता रस्ता येणार आहे, हे ठाऊक असताना सोडा. रस्ता कुठून जाणार हे रेल्वे कंपनीला आधी कळत होतं, म्हणून ती श्रीमंत झाली. आपल्यालाही ते आधी कळायला हवं. गटाच्या पुढच्या बैठकीला येताना प्रत्येकीने पासबुकाबरोबर सातबाराही आणा.