खाजणाचा सातबारा

गेल्या पावसाळ्याच्या अखेरीस माहेरी गेले होते. अलिबाग तालुक्याच्या खारेपाटात, खाडीच्या काठावर आमचं लहानसं गाव. जेवणं झाल्यावर चुलतभाऊ म्हणाला, ‘‘चल बाय, तुला आपला शेत दाखवतो.’’ बांधाच्या उरल्यासुरल्या तुकड्यावर जाऊन उभी राहिले, पण शेत काही दिसेना. आजोबांची भाताची खाचरं जिथं होती तिथं माणसाच्या डोक्यावरून जाणारी तिवरं वाढलेली. त्यांच्या बुडाशी चिखलातून पेन्सिलीएवढी मुळं वर डोकावत होती आणि त्यातून चिंबोऱ्यांची ये-जा चालली होती.

‘‘ती आता आपली नाय र्‍हायली,’’ भाऊ म्हणाला, ‘‘चिंबोऱ्यांची जाली.’’

सातबाऱ्यावर मात्र ती आमचीच आहे. चार भावाबहिणींच्या नावांखाली माझंही नाव आहे. भावानं खिशातून एक अर्ज काढला आणि म्हणाला, ‘‘सही कर.’’ अर्जात लिहिलं होतं, एकतर बांध दुरुस्त करून शेत पिकवू द्या, नाहीतर आमच्या जमिनीवर जे जंगल उभं राहिलं आहे त्याचा मोबदला द्या. मी अर्ज पर्समध्ये ठेवला आणि ‘घरी जाऊन नीट वाचते’ असं सांगून निघाले. खरं सांगायचं तर सही करायला हात धजावला नाही. मुलुंडला आमच्या सोसायटीत ‘कांदळवन वाचवा’ म्हणून सह्यांची मोहीम झाली होती, तेव्हा पहिली सही माझी होती!

खारेपाट हा शब्द ज्यांना नवा असेल त्यांच्यासाठी थोडं सांगते. ही जमीन मुळात समुद्राची. भरतीला पाण्याखाली जायची, ओहोटीला उघडी पडायची. तिलाच खाजण म्हणतात. आमच्या पूर्वजांनी खाजणाभोवती चिखलमातीचे, पेंढ्याचे, दगडांचे बांध घातले आणि खारं पाणी बाहेर अडवलं. बांधात जागोजागी उघाडी ठेवली. उघाडीची झडप मोठी हुशारीची. भरतीचं पाणी बाहेरून रेटलं की ती आपोआप मिटते आणि ओहोटीला आतल्या पाण्याच्या रेट्यानं उघडते. मृगाचा पाऊस जमिनीतलं मीठ धुऊन काढायचा, ते पाणी उघाडीतून खाडीत जायचं, आणि मग गोडं पाणी कोंडून त्यात मोड आणलेलं बी फोकायचं. राता नावाचं तांबूस भात इथलं. थोडाफार खारटपणा सोसणारं, शिजायला चिवट, पण पोटाला आधार देणारं. पुढे पनवेलच्या खारजमीन संशोधन केंद्रानं अशा जमिनींसाठी नवे वाण काढले, तरी आमच्या आजीला मात्र रात्याशिवाय भाकरी रुचली नाही.

भात निघालं म्हणजे जमिनीचं काम संपलं असं नसे. बांधाआतल्या तळ्यांत जिताडा वाढायचा. उघाडीच्या तोंडाशी जाळं लावलं की कोळंबी यायची. पलीकडे मिठागरं होती. पावसाळा सरला की तिथं काम सुरू व्हायचं. खाडीचं पाणी एका कोंडीतून दुसरीत घेत घेत आटवायचं आणि उन्हाळाभर मीठ ओढायचं. आगरी हे आमच्या जातीचं नावच आगरावरून, म्हणजे मिठागरावरून पडलं असं सांगतात. आणि बांधाबाहेरची तिवरं? ती आजोबा कुणाला तोडू देत नसत. लाटेचा पहिला मार ती खातात, म्हणून आपला बांध टिकतो, हे त्यांचं साधं गणित. सरपणाला वाळलेली फांदी न्यावी, ओल्या फांदीला हात लावू नये. हे शास्त्र त्यांना कुणी शिकवलेलं नव्हतं. बांध फुटला तर काय होतं ते पाहून ते आलं होतं.

बांधाला भगदाड पडलं की आमच्याकडे ‘खांड गेली’ म्हणतात. अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणाला हाक आली की घराघरातून एकेक माणूस पेंढा, फावडं घेऊन धावायचा. या सामायिक राबणुकीला जोळ म्हणत. त्याला मजुरी नसे, आणि ‘माझं शेत दूर आहे’ ही सबबही चालत नसे. खारं पाणी एकदा आत शिरलं की ते कुणाचा गट नंबर विचारत नाही. त्याआधी बांध राखण्याची जबाबदारी शिलोत्रदारांकडे असे आणि त्याबद्दल ते शेतकऱ्यांकडून भात घेत. मग खोत आले. जमीन कसणाऱ्याच्या पदरी काय उरायचं, ते चरीच्या संपानं जगापुढे आणलं. नारायण नागू पाटलांच्या नेतृत्वाखाली चरी आणि आसपासच्या गावांतल्या कुळांनी 1933 ते 1939 अशी सहा वर्षं खोतांची जमीन कसायला नकार दिला. आजी सांगायची, त्या सहा वर्षांत घरात तांदूळ नव्हता, पण खाडीनं उपाशी मरू दिलं नाही. चिंबोरी, निवट्या, कालवं. ज्या चिखलाला शहरातली माणसं नाक मुरडतात, त्या चिखलावर एक संप निभावला गेला.

नाक मुरडण्याचाही एक इतिहास आहे. मलेरिया या शब्दाचा मूळ इटालियन अर्थच ‘खराब हवा’. दलदलीतून विषारी वाफा निघतात आणि त्यांनी ताप येतो, असं शतकानुशतकं शहाण्यासुरत्या माणसांचं मत होतं. 1897 मध्ये सिकंदराबादेत रोनाल्ड रॉसनं डासाच्या पोटात मलेरियाचे जंतू शोधले, पण त्यानंतर वाफेऐवजी डास गुन्हेगार ठरले इतकंच. दलदलीची सुटका काही झाली नाही. दिसली दलदल की बुजवा, हा न्याय कायम राहिला. त्यात महसुली दप्तरानं भर घातली. ज्या जमिनीवर पीक नाही आणि सारा नाही, ती पोटखराबा. तिथं मासळी किती मिळते, उधाणाचं पाणी किती जिरतं, यासाठी सातबाऱ्यात रकाना नाही.

मुंबई उभी राहिली ती याच न्यायानं. गव्हर्नर हॉर्नबीनं महालक्ष्मी आणि वरळीच्या मधली खिंड बांध घालून बंद केली, ती 1784 च्या सुमाराला. बांध पुन्हा पुन्हा ढासळत होता, मग समुद्रातून देवीच्या मूर्ती निघाल्या आणि काम तडीस गेलं, ही महालक्ष्मीची कथा आपण सर्वांनी ऐकलेली आहे. तोही बांधच होता आणि आमचाही. फरक एवढाच की आमच्या बांधाला उघाडी होती.

मात्र चिखलाची किंमत या शहराला कधी कळलीच नाही असं म्हणता येणार नाही. 1930 साली वडाळ्याच्या मिठागरावर सत्याग्रही धावून गेले तेव्हा मूठभर मीठ साम्राज्याला भारी पडलं होतं. पुढे त्याच मिठागरांकडे मोकळे भूखंड म्हणून पाहिलं जाऊ लागलं. 2024 मध्ये धारावीच्या पुनर्वसनासाठी कांजूरमार्ग, भांडुप आणि मुलुंडची मिळून सुमारे 256 एकर मिठागरांची जमीन द्यायचं ठरलं.

यावर मी तावातावानं बोलावं असं कुणाला वाटेल. पण मी स्वतः राहते ती इमारत भरावावर उभी आहे. घर घेताना बिल्डरच्या माणसानं ‘पूर्वी इथं नुसतं गवत होतं’ असं सांगितलं होतं. खारेपाटात वाढलेल्या मुलीला ते गवत कसलं हे कळायला हवं होतं. कळलंही असेल, पण कर्ज मंजूर झालेलं होतं, मुलांची शाळा जवळ होती. 26 जुलै 2005 ला सांताक्रूझला एका दिवसात 944 मिलिमीटर पाऊस झाला. त्या रात्री आमच्या तळमजल्याच्या घरांत छातीएवढं पाणी होतं. जिन्यात मेणबत्ती धरून उभी असताना मला आठवली ती जोळची हाक. इथं हाक कुणाला मारायची? आणि पेंढा टाकायचा तरी कुठं?

त्याच वर्षी ऑक्टोबरात मुंबई उच्च न्यायालयानं राज्यभर कांदळवनांच्या तोडीला बंदी घातली आणि 2018 च्या निकालानं ती आणखी पक्की केली. ठाणे खाडीचं पात्र 2015 मध्ये फ्लेमिंगो अभयारण्य झालं आणि 2022 मध्ये रामसर यादीत गेलं. इराणमधल्या रामसर गावी 1971 मध्ये झालेल्या करारातून ही यादी आली. नांदूर मध्यमेश्वर आणि लोणार यांची नावं तिच्यात त्याआधीच गेली होती. दोनशे वर्षं जिला दलदल म्हणून हिणवलं, तिला आता ‘पाणथळ’ असा सोज्ज्वळ शब्द मिळाला आहे. हिवाळ्यात नातवाला खाडीवर गुलाबी थवे दाखवायला नेते तेव्हा मलाही आनंद होतो. तो खोटा नाही.

पण केंद्राच्या 2017 च्या पाणथळ नियमांत एक गंमत आहे. भातशेती आणि मिठासाठी केलेली आगरं पाणथळ जागांच्या व्याख्येतून वगळलेली आहेत. म्हणजे आजोबांनी राखलेलं, भात-मासळी-मीठ देणारं ते सगळं या नियमांच्या लेखी पाणथळ नव्हेच. बांधांची जबाबदारी 1948 च्या आणि मग 1979 च्या खारजमीन कायद्यांनी सरकारकडे गेली. जोळ मोडली. सरकारच्या कामाला आपण कशाला जायचं, असं गावही म्हणू लागलं, हेही कबूल केलं पाहिजे. तरुण मुलं कारखान्यांत लागली. खांडी गेल्या, त्या बुजल्या नाहीत. खारं पाणी आत आलं, त्याबरोबर तिवरांचं बी आलं. आणि तिवरं रुजल्यावर कायदा आला. आता भावानं तिथं कोयता चालवला तर तो गुन्हेगार.

कुणी म्हणेल, तिथं आधी खाजणच होतं, समुद्रानं आपलं परत घेतलं, बिघडलं काय? मीही असं म्हटलं असतं, जर मुंबईकडूनही समुद्र त्याच हिशेबानं परत घेणार असता. माझ्या इमारतीला भोगवटा प्रमाणपत्र आहे, आणि भावाच्या शेताला कांदळवनाचा शिक्का.

अर्ज अजून टेबलावर आहे. परवा चष्मा लावून पुन्हा वाचला. सर्व्हे नंबर, क्षेत्र, खातेदारांची नावं भावानं सुवाच्य अक्षरात भरली आहेत. ‘जमिनीचा सध्याचा वापर’ हा एकच रकाना कोरा ठेवलाय; तिथं काय लिहायचं ते शिकलेल्या बहिणीनं ठरवावं म्हणून. मी सही केली आणि त्याला फोन लावला. म्हटलं, ‘‘अरे, या रकान्यात काय लिहू?’’

‘‘काय पन लिही,’’ तो म्हणाला, ‘‘पन उधाणाच्या आधी लिही. पल्याडच्या वाडीच्या बांधाला काल खांड गेली.’’