कॅमेरा थांबवू नका!



मंडळाच्या कार्यक्रमात पडद्यामागे राबलेल्या प्रत्येकाने एक जपानी भयपट जरूर पहावा. नाव 'वन कट ऑफ द डेड', दिग्दर्शक शिनिचिरो उएदा. अभिनय कार्यशाळेतले नवखे कलाकार आणि खर्च साधारण ३० लाख येन. जून २०१८ मध्ये तोक्योतल्या जेमतेम दोन थिएटरांत लागला आणि तोंडी प्रसिद्धीवर त्याने ३०० कोटी येनच्या वर कमाई केली!

पहिली ३७ मिनिटं एकाच सलग शॉटमध्ये आहेत. भयपटाचा नेहमीचा मालमसाला सगळा हजर: ओसाड इमारत, तिथे लष्कराने म्हणे केलेले प्रयोग, तुटलेला हात, शेवटी कुऱ्हाड उचलणारी नायिका. पण सगळं जरा गंडलेलं. बाहेर झॉम्बी फिरतायत आणि आत तिघं आपापल्या छंदांबद्दल गप्पा मारतायत. ध्वनिमुद्रक मध्येच उठून बाहेर निघतो. नायिका इतका वेळ किंचाळते की आपणच अवघडतो. इथे टीव्ही बंद करावासा वाटेल. कृपया करू नका.

(पुढे थोडं कथानक फोडतो आहोत. कोऱ्या मनाने पहायचा असेल तर इथेच थांबा.)

मग गोष्ट महिनाभर मागे जाते. हे एका वाहिनीसाठीचं थेट प्रक्षेपण होतं, म्हणजे रीटेक नाही. शेवटच्या भागात तीच ३७ मिनिटं कॅमेऱ्यामागून दिसतात. आम्हा आयटीवाल्यांच्या भाषेत, आधी बिघडलेलं आउटपुट आणि मग लॉग फाइल! ध्वनिमुद्रकाचं पोट बिघडलंय. एक नट दारू पिऊन आडवा झालाय, त्याला मागून धरून झॉम्बी म्हणून नाचवतायत. त्या कंटाळवाण्या गप्पा म्हणजे आत सावरासावर होईपर्यंत काढलेला वेळ.

एरवी विडंबनपट भयपटाच्या ठरीव साच्याला हसतात. इथे तो साचा उभा करणाऱ्यांची धडपड दिसते, आणि हसता हसता त्यांच्याबद्दल माया वाटू लागते. पैसे नाहीत हे लपवलेलंच नाही, गोष्टच त्याची आहे. २०२२ साली मिशेल हाझानाव्हिसियसने याची फ्रेंच आवृत्ती काढली, तिने कान महोत्सवाचं उद्घाटनही झालं. तरी आमचं मत मूळ जपानीलाच. तिथली गरिबी खरी आहे.

लहान मुलांना मात्र सोबत बसवू नका, रक्त खोटं असलं तरी भरपूर आहे.

आणि हो, शेवटच्या शॉटसाठी आणलेली क्रेन ऐन वेळी मोडते. पुढे काय होतं ते आम्ही सांगणार नाही.