भूप, देशकार आणि भिंगारची पहाट

तानसेनाने भर दुपारी रात्रीचा राग आळवला आणि त्याचा आवाज जिथवर पोचला तिथवर अंधार पडला, ही आख्यायिका अठराव्या शतकाच्या अखेरीस युरोपीय लेखकांनीही टिपून ठेवली. दंतकथा म्हणून ती सोडून देता येईल, पण तिच्यातला एक तपशील विचार करायला लावतो: अंधार साऱ्या नगरावर पडला नाही, ऐकणाऱ्यांवरच पडला. रागाचा काळावर अधिकार असेल तर तो एवढाच आहे असे मला वाटते. सूर्य जागचा हलत नाही. ऐकणाऱ्याच्या आतली वेळ मात्र हलते. आणि ही ताकद स्वरांत जेवढी असते, त्याहून अधिक त्या स्वरांच्या वर्षानुवर्षांच्या पाठात असते.

हे तपासायला दरबारात जाण्याची गरज नाही. कोजागरीपासून कार्तिकी पौर्णिमेपर्यंत नगर-भिंगारच्या पट्ट्यात देवळोदेवळी काकडा चालतो, तो नीट ऐकावा. सुरुवातीला अंधार असतो. पखवाजाच्या डाव्या पुडीला कणीक लागते, वीणेकरी उभा राहतो, टाळ हलके आणि सावकाश पडतात. झोपेतून उठलेला गळा खालच्या स्वरांतच मोकळा असतो, म्हणून चालीही तिथेच रेंगाळतात. गवयी खर्जाची मेहनत पहाटे करतात तीही याच कारणाने. भूपाळ्या होतात, काकडा ओवाळला जातो, अभंग होतात. गवळणींपर्यंत लय वाढलेली असते, आवाज वर चढलेला असतो. भैरवी येते तेव्हा उजाडलेले असते. या क्रमात घड्याळाकडे पाहावे लागत नाही. कुठली चाल चालली आहे यावरून किती वाजले असतील ते कळते, आणि उशिरा येणारा माणूस बाहेरूनच ऐकून पाऊल उचलतो.

आता भूपाळी हा शब्दच घ्या. शास्त्रात भूप हा रात्रीच्या पहिल्या प्रहराचा राग. त्याचे पाच स्वर, सा रे ग प ध, जसेच्या तसे देशकारात आहेत, आणि देशकार सकाळचा. फरक वजनाचा: भूप गंधारावर विसावतो, देशकार धैवतावर, सप्तकाच्या वरच्या अंगात. त्यावरून कुणी म्हणेल की वेळ स्वरांच्या रचनेतच कोरलेली आहे. पण मराठी कानाची गोष्ट वेगळी आहे. देवाला जागवणाऱ्या गाण्यालाच आपण भूपाळी म्हणतो, आणि ‘अमर भूपाळी’ (1951) या चित्रपटात वसंत देसाई यांनी याच पाच स्वरांच्या वळणाने जी भूपाळी बांधली, ती ऐकून कुठल्याही मराठी घरात पहाटच होते. रचनेने रात्र सांगितली तरी संस्काराने सकाळ केली. रचना निरर्थक आहे असा याचा अर्थ नव्हे. ती दिशा दाखवते, मुक्काम सवय ठरवते.

यावर पहिला आक्षेप पंडित भातखंडे यांच्या बाजूने येईल. आठ प्रहरांची एवढी बांधेसूद मांडणी त्यांनी उगाच केली का? वादी स्वर पूर्वांगात असेल तर दुपारनंतरचा राग, उत्तरांगात असेल तर मध्यरात्रीनंतरचा. कोमल रिषभ-धैवताचे राग संधिप्रकाशाचे. तीव्र मध्यम दिवस कललेला सांगणारा. ही मांडणी थोर आहे आणि पुष्कळ ठिकाणी पटते. तरी तोडी तीव्र मध्यम घेऊन सकाळीच उभी असते, आणि भैरवी सकाळची असूनही मैफल रात्री संपली तरी तीच गायली जाते. नियमाला असे अपवाद पडतात ते परंपरेमुळे, म्हणजे पुन्हा पाठामुळेच. जुन्या ग्रंथकारांनीही राजाज्ञेला आणि रंगभूमीला कालदोष लागत नाही अशी सूट देऊन ठेवली होती. निसर्गनियमाला अशी सूट देता येत नाही. माणसांनी माणसांसाठी केलेल्या नियमाला देता येते.

मग दुसरा आक्षेप: केवळ सवयच असेल तर तिला शक्ती कशाला म्हणायचे? कर्नाटक संगीतात वेळेचे बंधन फारसे पाळत नाहीत, त्यांचे काही अडत नाही. खरे आहे. पण सवय दुबळी असते हे मला मान्य नाही. औरंगजेबाने दरबारातले गाणे बंद केले, नौबत मात्र राहू दिली; दिवसाचे प्रहर आणि राज्याचा दरारा सांगणारे वाद्य त्यालाही मोडता आले नाही. 1707 साली त्याचा मृत्यू झाला तो याच भिंगारच्या परिसरातल्या छावणीत. पुढे इंग्रजांचे लष्कर आले आणि नौबतीच्या जागी बिगूल आला. उठण्याचा सूर वेगळा, दिवस मिटण्याचा वेगळा. सैनिकाचे शरीर आधी सूर ओळखते, मग वेळ. भिंगारच्या एकाच मातीत नौबत, बिगूल आणि काकडा या तिघांनी हेच काम केले आहे.

म्हणूनच रात्री दहाचा ध्वनिक्षेपकाचा नियम मला गायनाच्या दृष्टीने मोठा वाटतो. शेजाऱ्याची झोप राखणारा तो नियम योग्य आहे, त्याबद्दल तक्रार नाही. पण पुण्याचा सवाई गंधर्व महोत्सव पूर्वी रात्रभर रंगायचा, आता बहुतेक रात्री दहाला थांबतो. मालकंस, दरबारी संध्याकाळी आठला ऐकायची वेळ येते, आणि मध्यरात्रीचा पाठ तुटतो. स्वर तेच असतात, गवयी तोच असतो, तरी दोन-तीन पिढ्यांनी त्या स्वरांत मध्यरात्र उरेल का, याची मला काळजी वाटते. ध्वनिमुद्रिका हवी तेव्हा लावता येते ही सोय मोठीच, पण त्या सोयीतच हा पाठ विरतो.

काकड्याला ध्वनिक्षेपक लागत नाही, टाळ आणि गळा पुरतो. महिनाभर अंधारात उठून तीच चाल त्याच वेळी म्हटली की ती अंगात बसते. मग मार्गशीर्षातल्या एखाद्या दुपारी घरात कुणी सहज ती गुणगुणू लागले, तर ऐकणाऱ्यांना कार्तिकातला गारवा, तुपात भिजलेल्या काकड्याचा वास जाणवतो, आणि आवाज पोचेल तेवढ्या परिघात पहाट होते.